रॅम्प सुटल्यावर पुढे काय? जपानी मॉडेल चाळिशीत अभिनेत्री कशी होते

२०२३ च्या जानेवारीत जपानच्या एनएचके वाहिनीवर ‘ओओकु’ ही मालिका सुरू झाली. गोष्ट कल्पित इतिहासाची. तरुण पुरुषांनाच गाठणाऱ्या एका साथीमुळे देशातल्या पुरुषांची संख्या चौथ्या हिश्शावर आलेली असते आणि शोगुनची, म्हणजे देशाच्या लष्करी सत्ताधीशाची, गादी बायकांकडे गेलेली असते. त्यात आठवा शोगुन योशिमुने म्हणून घोड्यावर स्वार होऊन आली ती तोमिनागा आइ. वय ४०, उंची १७९ सेंटिमीटर. लोक तिला ओळखत होते ते न्यूयॉर्क-पॅरिसच्या रॅम्पवर चाललेली मॉडेल म्हणून. (‘आइ’ हे नाव मराठी कानाला भलतंच ओळखीचं वाटतं, जपानीत त्या चिन्हाचा अर्थ ‘प्रेम’.)

मॉडेलची अभिनेत्री होणं ही जपानात नवलाई नाही. उलट तो रस्ता इतका मळलेला आहे की तिथल्या निम्म्या नायिकांनी कुठल्या ना कुठल्या मासिकात कपडे दाखवले असतील असं वाटावं. पण तो रस्ता विशीचा आहे. विशीत जमलं नाही, की पुढची दहा-पंधरा वर्षं दारं बंद असल्यासारखी वाटतात आणि चाळिशीच्या आसपास वेगळ्याच बाजूची दारं उघडू लागतात. असं का होतं, हे कळायला चेहऱ्यापेक्षा धंद्याची रचना बघितलेली बरी.

मासिकांची शिडी

आपल्याकडे मॉडेल ते नायिका हा प्रवास बहुतेकदा सौंदर्यस्पर्धेच्या मुकुटावरून जातो. जपानात तो मासिकांतून जातो आणि तिथल्या मासिकांनी बाईचं आयुष्य वयाच्या पट्ट्यांत कापून वाटून घेतलं आहे. ‘निकोला’ शाळकरी मुलींचं. ‘सेव्हन्टीन’ (सुरुवात १९६८) त्याहून जरा मोठ्या मुलींचं. ‘नॉन-नो’ (१९७१) कॉलेज आणि पहिल्या नोकरीच्या वयाचं. ‘व्हेरी’ (१९९५) तिशीतल्या, बहुधा मूल असलेल्या बाईचं. ‘स्टोरी’ (२००२) चाळिशीचं, ‘हर्स’ (२००८) पन्नाशीचं. वाचक एका पायरीवरून दुसरीवर जाते, तशी मॉडेलनेही जावं अशी अपेक्षा असते.

मासिकाशी करार केलेल्या मॉडेलला ‘सेन्झोकु’ म्हणतात, म्हणजे फक्त आमची. त्याच वयोगटाच्या दुसऱ्या मासिकात तिने दिसायचं नाही. वय उलटलं की ती मासिकातून ‘सोत्सुग्यो’ करते. शब्दशः अर्थ पदवी घेऊन बाहेर पडणं. शेवटच्या अंकात फुलं, निरोपाची मुलाखत, जुने फोटो. शब्द गोड असला तरी व्यवहार साधा आहे: करार संपला. पुढच्या पायरीवर जागा असेलच असं नाही. कारण ‘व्हेरी’सारख्या मासिकाला नुसती सुंदर तिशीतली बाई नको असते, तिचं घर, सायकलवर बसवलेलं मूल, सकाळची धावपळ, हे सगळं विकता येईल अशी बाई हवी असते. लग्न न केलेली, किंवा एकटीने मूल वाढवणारी मॉडेल त्या चौकटीत सहज बसत नाही. पंचविशी ते पस्तिशी हा म्हणूनच सगळ्यात निसरडा टप्पा.

तोमिनागाचं प्रकरण त्याहून वेगळं. मासिकाची मॉडेल आणि शोची मॉडेल हे जपानात दोन धंदे आहेत. मासिकाला वाचकाच्या आवाक्यातली उंची चालते, १६५-१७० सेंटिमीटर. परदेशी फॅशन शोचे नमुन्याचे कपडे मात्र एकाच मापात शिवलेले असतात आणि ते अंगावर नीट पडायला १७५ च्या पुढची उंची लागते. तोमिनागा १७ व्या वर्षी न्यूयॉर्कला रॅम्पवर गेली. त्या बाजारात विशी संपता संपता नवी पोरं आपली जागा घेतात, आणि मायदेशीच्या मासिकांची शिडी तर ती पायरी पायरीने चढलेलीच नसते. वर जाण्याचा रस्ता संपलेला, खाली उतरायला पायऱ्या नाहीत.

पैसा नक्की कुठून येतो

मासिकाचं मानधन फारसं नसतं. अभिनयाचंही नवख्या माणसाला कमीच. जपानी कलाकाराचं घर चालतं ते जाहिरातीवर. म्हणून करिअर बदलताना पहिला प्रश्न ‘भूमिका कुठली’ हा नसून ‘जाहिरातीचा करार कोणता आणि तो कधी संपतो’ हा असतो.

करार साधारण वर्षाचा, नूतनीकरणाच्या अटीसह. त्यात दोन कलमं जाचक. एक, त्याच प्रकारच्या दुसऱ्या कंपनीच्या मालाशी संबंध ठेवायचा नाही. दुसरं, कंपनीची प्रतिमा मलिन झाली तर भरपाई द्यायची. या दुसऱ्या कलमामुळे भूमिकांवरही सावट येतं. घरगुती साबणाची जाहिरात करणारी नटी खुनी बाईची भूमिका घ्यायला दहादा विचार करते. नव्या वळणावर जायचं असेल तर आधीचे करार आपोआप संपू द्यायचे आणि मोकळ्या महिन्यांत धाडसाची भूमिका घ्यायची, हे गणित एजन्सीतली जुनी माणसं बरोबर मांडतात. घाई केली तर एक भूमिका मिळते आणि दोन जाहिराती जातात.

मग चाळिशीतला चेहरा जाहिरातीला हवासा कधीपासून झाला? इथे कायद्याचा हात आहे, आणि ही गोष्ट फारशी कुणी सांगत नाही. जपानमध्ये सौंदर्यप्रसाधनाने काय दावा करायचा याची ठरलेली यादी आहे. आधी ५५ दावे होते; २०११ मध्ये ५६ वा आला: ‘कोरडेपणामुळे आलेल्या बारीक सुरकुत्या कमी दिसतात’. तोही चाचणी करूनच लिहायचा. मग २०१७ च्या जानेवारीत पोला कंपनीने ‘रिंकल शॉट’ बाजारात आणलं. औषध आणि प्रसाधन यांच्या मधल्या वर्गात, ‘सुरकुत्या सुधारतात’ असं उघड म्हणण्याची परवानगी मिळालेलं ते पहिलं उत्पादन. त्याच वर्षी शिसेइदोनेही तसं क्रीम काढलं. आता सुरकुत्यांचं क्रीम वीस वर्षांच्या पोरीच्या गालावर लावून दाखवलं तर कोण विश्वास ठेवणार? सुरकुती ही विकण्याजोगी गोष्ट झाली, तशी ती जिच्या चेहऱ्यावर शोभून दिसते त्या बाईलाही काम आलं.

भाषेने जमीन आधीच नांगरून ठेवली होती. चाळिशीच्या आसपासच्या बाईसाठी ‘आराफो’ हा शब्द २००८ मध्ये वर्षाचा शब्द ठरला. तो पसरला टीव्हीच्या एका मालिकेतून, आणि पुरस्कार घ्यायला गेली होती त्या मालिकेची नायिका आमामि युकि. २०१० पासून ३५ च्या पुढच्या बायकांसाठी एका मासिकाची सौंदर्यस्पर्धाही भरू लागली. ‘बिमाजो’ म्हणजे सुंदर चेटकीण, असं त्या बायकांना म्हणतात. हे कौतुक की टोमणा, यावर जपानी बायकांतच दुमत आहे. आमच्या मते टोमणा जास्त: वय दिसू न देणं हीच तिची करामत, असं त्यात गृहीत धरलेलं आहे.

जिमुशो आणि नाव

एजन्सीला जपानीत ‘जिमुशो’ म्हणतात, शब्दशः कचेरी. पण ती नुसती दलाली घेणारी कचेरी नाही. ती मुलीला लहानपणी उचलते, शिकवते, कधी राहायची सोय करते, महिन्याचा पगार देते आणि बदल्यात पुढच्या अनेक वर्षांचं काम आपल्या हातात ठेवते. पैसे देण्याच्या दोन पद्धती आहेत: ठरलेला पगार, किंवा कामागणिक हिस्सा. सुरुवातीला पगार बरा वाटतो, नाव झाल्यावर हिस्सा. मध्येच पद्धत बदलायची मागणी केली की पहिली ठिणगी पडते.

वय वाढल्यावर वेगळं काम करायचं म्हटलं, की एजन्सीचा आणि कलाकाराचा हिशेब जुळेनासा होतो. एजन्सीला चाललेली प्रतिमा चालू ठेवायची असते, कारण तिच्यावर जाहिराती उभ्या असतात. एजन्सी सोडली तर वाहिन्यांचे फोन थांबू शकतात, हे त्या धंद्यातलं उघड गुपित होतं. २०१९ मध्ये जपानच्या स्पर्धा आयोगाने सोडून गेलेल्या कलाकारांबाबत वाहिन्यांवर दबाव येऊ नये म्हणून एका मोठ्या एजन्सीला ताकीद दिली, तेव्हापासून हवा थोडी बदलली. १ नोव्हेंबर २०२४ पासून स्वतंत्रपणे काम करणाऱ्यांसाठी नवा कायदा लागू आहे: कामाच्या अटी लेखी किंवा इलेक्ट्रॉनिक स्वरूपात कळवायच्या आणि केलेलं काम देणाऱ्याच्या हाती पोचल्यापासून ६० दिवसांच्या आत त्याने पैसे द्यायचे. तोंडी ठरवण्याची सवय लागलेल्या धंद्यात हे लहान पाऊल नाही.

नावाचा मुद्दा तर आपल्याला थक्क करणारा. ‘निकोला’ची मॉडेल नोनेन रेना २०१३ मध्ये एनएचकेच्या सकाळच्या मालिकेची नायिका झाली आणि घराघरांत पोचली. एजन्सीपासून वेगळी झाल्यावर जुलै २०१६ मध्ये तिने ‘नॉन’ हे नाव घेतलं. नोनेन रेना हे तिचं खरं, जन्माचं नाव असूनही. त्याच वर्षी ती एका गाजलेल्या ॲनिमेशनपटात आवाज बनून आली. चेहरा दिसत नव्हता, जुनं नाव नव्हतं, आवाज मात्र तिचाच. पुढे तिने स्वतः चित्रपट दिग्दर्शित केला. करारावर सही करताना ‘मंचावरचं नाव कोणाच्या मालकीचं’ ही ओळ आधी वाचावी, असं जाणते लोक सांगतात ते याचसाठी.

शरीर पुन्हा शिकवणं

करार, पैसा, नाव हे सगळं जमलं तरी खरं अडतं ते सेटवर. रॅम्प आणि अभिनय दोन्हीकडे शरीरच वापरायचं, म्हणून हे काम सोपं वाटतं. प्रत्यक्षात रॅम्पने लावलेल्या सवयी एकेक करून मोडाव्या लागतात.

पहिली सवय नजरेची. रॅम्पवर नजर दूर एका बिंदूवर ठेवायची, समोरच्या माणसाला बघायचं नाही, चेहऱ्यावर भाव आणायचा नाही, कारण लोक कपडे बघायला आलेत. अभिनयात समोरचा बोलत असताना ऐकणं हेच निम्मं काम. नवखी मॉडेल आपलं वाक्य सुंदर म्हणते आणि दुसऱ्याच्या वाक्याच्या वेळी पुतळा होते. संकलनात हे लगेच उघडं पडतं, कारण प्रतिक्रियेचे तुकडे वापरण्याजोगे नसतात.

दुसरी अडचण वेळेची. जपानी मालिका तीन महिन्यांच्या हंगामात चालतात, जानेवारी, एप्रिल, जुलै, ऑक्टोबर. भाग साधारण दहा-अकरा. सेटवर आधी कॅमेऱ्याशिवाय ‘दोराइ’, मग कॅमेऱ्यासह तालीम, मग ‘होनबान’ म्हणजे खरा टेक. फोटोच्या कामात शंभर फोटोंतला एक चांगला निघाला की झालं. इथे एकच हालचाल तीन-चार कोनांतून जशीच्या तशी पुन्हा करायची असते: कप कोणत्या शब्दावर उचलला, डावा हात कुठे होता. ही ‘जोडणी’ चुकली की छायाचित्रकार, प्रकाशवाले, सहकलाकार, सगळे थांबतात.

तिसरी, आवाज. टोकियोच्या प्रमाण जपानीत स्वराच्या चढउतारावर अर्थ बदलतो. ‘हाशि’ शब्दात पहिलं अक्षर उंच घेतलं तर जेवायच्या काड्या. दुसरं उंच घेऊन पुढचा प्रत्यय खाली आणला तर पूल. दुसरं उंच घेऊन तसंच सपाट नेलं तर कडा. म्हणून कलाकारांच्या हाताशी एनएचकेचा उच्चारकोश असतो. मॉडेलला आयुष्यभर कुणी बोलायला सांगितलेलं नसतं. तिशीत-चाळिशीत हे शिकायचं म्हणजे उतारवयात गाणं शिकण्यासारखं. ऐतिहासिक मालिकेत तर त्यावर जुनी दरबारी भाषा चढते आणि श्वास पोटातून घ्यावा लागतो.

चौथी अडचण उंचीची, आणि इथे एक मजेशीर शब्द सांगायलाच हवा. दोघे एका चौकटीत बसावेत म्हणून बुटक्या नटाला खोक्यावर उभं करण्याला जपानी सेटवर ‘सेश्शू करणं’ म्हणतात. शंभर वर्षांपूर्वी हॉलिवूडमध्ये नायक झालेला हायाकावा सेश्शू उंच गोऱ्या नायिकांसमोर खोक्यावर उभा राहायचा, त्यावरून. १७९ सेंटिमीटरची नायिका असली की प्रत्येक दोघांच्या दृश्यात समोरच्या पुरुषाचं सेश्शू करायचं, नाहीतर तिला बसवायचं. प्रेमकथेत हे फार दिवस चालत नाही. म्हणून उंच मॉडेलना ठरावीक भूमिका येतात: थंड वकील, परदेशातून आलेली बॉस, जिच्याशी नायकाचं प्रेम होणार नाही अशी कोणीतरी. २०१९ च्या ‘ग्रँड मेझोन टोकियो’ मालिकेत तोमिनागाला मिळाली ती खाद्यमासिकाच्या दबदबा असलेल्या संपादिकेची भूमिका. साच्यातलीच, पण हुशारीने स्वीकारलेली. जे अंगात आहे तेवढंच मागणारी पहिली मोठी भूमिका घ्यावी. न झेपणारी घेतली की ‘हिला येत नाही’ हा शिक्का बसतो आणि तो पुसायला वर्षं जातात.

किमोनोचंही तसंच. किमोनोचं कापड एका ठाणात येतं: रुंदी ३६-३८ सेंटिमीटर, लांबी १२ मीटरच्या आसपास. मानेच्या मध्यापासून मनगटापर्यंतचं अंतर दोन पट्ट्यांच्या रुंदीतच बसवावं लागतं. शिवण वजा जाता सत्तर सेंटिमीटरच्या आसपास ते संपतं. लांब हातांच्या बाईचं मनगट उघडं पडतं. बाईच्या किमोनोत कमरेशी घडी घालायची, त्यासाठी लांबी साधारण अंगाच्या उंचीइतकी हवी, तीही कमी पडते. मग रुंद ठाणाची सोय करून खास शिवावं लागतं. चालणंही उलटं: रॅम्पवर ढांग कंबरेतून टाकायची, किमोनोत पाऊल छोटं, बोटं आतल्या बाजूला, टाच फारशी न उचलता. डोक्यावरचा केसांचा टोप तर धातूच्या पातळ पत्र्यावर बांधलेला असतो आणि तो पत्रा प्रत्येकाच्या कवटीच्या मापाने ठोकून घेतात. तो बसवण्यात चूक झाली तर दुपारपर्यंत कपाळ ठणकायला लागतं.

मग ‘ओओकु’त काय जुळलं?

शोगुनला दरबारात कुणाच्या खांद्याला खांदा लावून उभं राहायचं नसतं. ती वरच्या चौथऱ्यावर बसते, बाकीचे वाकलेले. चालते तेव्हा लांब मार्गिकेतून एकटी चालते आणि दोन्ही बाजूंचे पुरुष मान खाली घालून बसलेले असतात. म्हणजे रॅम्पच, फक्त प्रेक्षक जमिनीला टेकलेले! प्रेमकथेत आड येणारी उंची इथे सत्तेची खूण झाली. शिवाय इतिहासातला योशिमुने (कारकीर्द १७१६ ते १७४५) धिप्पाड होता असं सांगतात आणि काटकसरीसाठी तर तो प्रसिद्धच आहे. भरजरी कपड्यांनी मिरवलेली मॉडेल साध्या कपड्यांत उभी राहिली तरी भारदस्त दिसते का, ही तिची खरी परीक्षा होती.

हे एका उडीत झालेलं नाही. मधल्या काळात मुलाला वेळ देण्यासाठी तिने सुमारे तीन वर्षं काम थांबवलं. असा खंड दोन बाजूंनी कापतो. निवड करणारी माणसं विसरतात, जाहिराती संपतात, हा तोटा. पण करारांची गुंतागुंत सुटते आणि जुनी प्रतिमा धूसर होते, हा फायदा. परतल्यावर ती ‘उतरती मॉडेल’ म्हणून नाही तर वयाने प्रगल्भ झालेली नवी व्यक्ती म्हणून मोजली गेली. रॅम्प तिने सोडला असंही नाही. फक्त तेवढ्यावर घर चालवायचं थांबवलं.

आन् वातानाबेने हेच उलट क्रमाने केलं. ‘नॉन-नो’, मग परदेशी रॅम्प, आणि विशीतच अभिनय. २०१३-१४ ची सकाळची मालिका ‘गोचिसोसान’ १५० भागांची, रोज १५ मिनिटं. एकाच बाईचं शाळकरी वयापासून पुढचं आयुष्य उभं करताना तिला वय वाढवून दाखवण्याचा सराव वय वाढण्याआधीच मिळाला. २०२२ मध्ये तिने एजन्सी सोडली, मुलांना घेऊन फ्रान्सला गेली आणि यूट्यूबवर स्वतःची जागा केली. २०२४ मध्ये जपानी चित्रपटात पुन्हा नायिका. मासिकाच्या शिडीची तिला गरज उरली नाही.

या सगळ्यांच्या आधी यामागुचि सायोको होती. १९७२ पासून पॅरिसच्या रॅम्पवर, १९७३ पासून १९८६ पर्यंत शिसेइदोचा चेहरा, १९७७ मध्ये तिच्या चेहऱ्याचे दुकानातले पुतळेही निघाले. त्याच वर्षी ती रंगमंचावर गेली. पुढे नृत्य, चित्रपट, पन्नाशीत तर तरुण संगीतकारांबरोबर डीजेगिरीही. मॉडेल की अभिनेत्री, या प्रश्नाला तिने बगल दिली आणि स्वतःसाठी नवा शब्द घडवला, ‘वेअरिस्ट’, म्हणजे परिधान करणारी. कपडाच कशाला, आवाज, उजेड, जागा, सगळं अंगावर घालता येतं, असं तिचं म्हणणं. २००७ मध्ये ती गेली. २०१५ मध्ये टोकियोच्या समकालीन कला संग्रहालयाने तिच्यावर प्रदर्शन भरवलं, त्याच्या नावात ‘भविष्य परिधान करणारी’ असे शब्द होते.